रोझा लक्झेंबर्ग आणि गेटवर अर्धाच राहिलेला प्रश्न

आज १५ जानेवारी. १९१९ साली याच तारखेच्या रात्री बर्लिनमध्ये रोझा लक्झेंबर्गला ठार मारण्यात आले. दरवर्षी या सुमारास तिचा एक फोटो आणि तिचे एक वाक्य सगळीकडे फिरू लागते. यंदाही संक्रांतीच्या शुभेच्छांबरोबर चार-पाच जणांनी मला ते पाठवले. स्वातंत्र्य म्हणजे नेहमीच वेगळा विचार करणाऱ्याचे स्वातंत्र्य, असे ते वाक्य आहे. ते तिचेच आहे आणि मला ते प्राणप्रिय आहे. पण ज्या मजकुरातून ते उचलले जाते तो मजकूर फारसा कोणी वाचत नाही, आणि त्यामुळे रोझा ही सगळ्यांना सांभाळून घेणारी, मवाळ विचारांची बाई होती असा समज पसरतो. ती शेवटच्या श्वासापर्यंत क्रांतिकारक होती, भांडवलशाही मोडल्याशिवाय माणसाची सुटका नाही असे मानणारी होती, आणि वेगळा विचार करणाऱ्याचे स्वातंत्र्य तिला हवे होते ते क्रांती जिवंत राहावी यासाठी. मला आज एवढेच सांगायचे आहे. मात्र ते मला नीट समजले ते माझ्या वडिलांमुळे, म्हणून आधी त्यांच्याविषयी लिहिते.

माझे वडील नागपुरातल्या एका कापड गिरणीत साचे, म्हणजे माग, चालवत. आम्ही इंदोरा या नागपूरच्याच वस्तीत राहायचो. पहाटेचा भोंगा झाला की ते सायकल काढत, आणि दुपारी परत येत तेव्हा त्यांच्या भुवयांवर आणि कानांवर कापसाची बारीक लव चिकटलेली असे. मी दहावीत असतानाची गोष्ट आहे. एका कामगाराने दोनऐवजी चार साचे सांभाळायचे, असा करार युनियन आणि व्यवस्थापन यांच्यात झाल्याचे पुढाऱ्यांनी गेट मीटिंगमध्ये जाहीर केले आणि तो कामगारांच्या हिताचाच आहे असे सांगितले. वडील एरवी सभेत बोलणारे नव्हते. त्या दिवशी ते उभे राहिले आणि म्हणाले, "करार वाचून त दाखवा. कोनते बदलीवाले राहतीन अन् कोनते जातीन..." बदलीवाले म्हणजे गैरहजर कामगारांच्या जागी घेतले जाणारे. त्यांचे वाक्य पुरे झाले नाही. मागून कोणीतरी "मालकाचा माणूस" असे ओरडले, आणि ही प्रश्न विचारण्याची वेळ नसून एकजुटीची वेळ आहे, असे मंचावरून सांगण्यात आले. वडील खाली बसले. रात्री जेवताना ते आईला एवढेच म्हणाले, "मी चुकलो बी असन, पन विचारू त द्या." त्यानंतर ते कोणत्याही सभेत बोलले नाहीत.

पुढे मी अर्थशास्त्र शिकले आणि आता ते कनिष्ठ महाविद्यालयात शिकवते. नोकरीच्या पहिल्या काही वर्षांतच रोझाचा १९०४ सालचा एक लेख माझ्या वाचनात आला. रशियातील समाजवादी पक्ष कसा बांधावा यावर तेव्हा वाद चालू होता. सगळी सूत्रे मोजक्या, कसलेल्या क्रांतिकारकांच्या केंद्रीय समितीकडे असावीत, असे लेनिनचे म्हणणे होते. झारशाहीच्या पोलिसांपुढे टिकायचे तर गुप्तता आणि शिस्त लागते, हे रोझालाही मान्य होते, कारण ती स्वतः त्याच साम्राज्यातून आलेली होती. तिचा आक्षेप आणखी खोलवरचा होता. कामगारांना शिस्त गिरणीनेच शिकवलेली असते, भोंग्याने आणि मुकादमाने शिकवलेली असते. तीच शिस्त मालकाच्या हातातून काढून समितीच्या हातात दिली म्हणून कामगार मुक्त होत नाही, असे तिने लिहिले. खऱ्या कामगार चळवळीच्या हातून घडलेल्या चुका या सर्वांत हुशार केंद्रीय समितीच्या अचूकपणापेक्षा कितीतरी अधिक फलदायी असतात, या आशयाच्या वाक्याने तो लेख संपतो. ते वाचताना मला वडिलांचे त्या रात्रीचे शब्द जसेच्या तसे ऐकू आले. ते सातवीपर्यंत शिकलेले होते आणि त्यांनी रोझाचे नावही ऐकले नव्हते, पण त्यांना जे म्हणायचे होते ते हेच होते.

तिच्या आयुष्याची माहिती थोडक्यात सांगते. १८७१ साली, रशियन साम्राज्याच्या ताब्यातील पोलंडमध्ये, झामोश्च या गावी एका ज्यू कुटुंबात तिचा जन्म झाला. पाच भावंडांत ती धाकटी होती. पाच वर्षांची असताना कमरेच्या दुखण्याने ती अंथरुणाला खिळली, उपचार चुकीचे झाले आणि जन्मभर ती लंगडत चालली. वॉर्सातील मुलींच्या शाळेत ती उत्तम गुणांनी उत्तीर्ण झाली, पण तिची वृत्ती बंडखोर असल्याचे कारण देऊन तिला सुवर्णपदक नाकारण्यात आले. अटकेची शक्यता दिसू लागल्यावर १८८९ मध्ये ती देश सोडून झुरिकला गेली. तेथील विद्यापीठ तेव्हा स्त्रियांनाही प्रवेश देत असे. पोलंडच्या औद्योगिक विकासावर प्रबंध लिहून १८९७ मध्ये तिने डॉक्टरेट मिळवली आणि पुढच्याच वर्षी ती बर्लिनला आली. जर्मन नागरिकत्वासाठी तिने नावापुरते लग्न केले होते. आयुष्याचा खरा जोडीदार आणि सहकारी होता लिओ योगिशेस. स्त्री, ज्यू, पोलिश आणि अपंग असलेल्या सत्ताविशीतल्या या मुलीने जर्मनीत पाऊल ठेवताच तेथील समाजवादी पक्षातील एका ज्येष्ठ विचारवंताशी, एडुआर्ड बर्नस्टाइनशी, जाहीर वाद सुरू केला. भांडवलशाही हळूहळू सुधारत समाजवादापर्यंत पोहोचेल, असे बर्नस्टाइनचे मत होते. रोझाने सुधारणांना कधीच कमी लेखले नाही, परंतु सुधारणांसाठीचा लढा हे साधन आहे आणि समाजपरिवर्तन हे ध्येय आहे, या दोहोंची गल्लत करू नका, असे तिने ठणकावले.

मला तिचे सर्वांत मोलाचे लिखाण वाटते ते १९०६ सालचे, सार्वत्रिक संपाविषयीचे. १९०५ च्या रशियन क्रांतीत भाग घेण्यासाठी ती खोट्या नावाने वॉर्साला गेली, तेथे पकडली गेली, आणि सुटल्यावर फिनलंडमध्ये बसून तिने ही पुस्तिका लिहिली. त्यात एक हकिगत आहे, जी कापड गिरणीच्या वस्तीत वाढलेल्या कोणालाही लगेच कळेल. १८९६ मध्ये झारच्या राज्याभिषेकासाठी सेंट पीटर्सबर्गच्या गिरण्या काही दिवस बंद ठेवण्यात आल्या आणि त्या सक्तीच्या सुटीचा पगार मालकांनी कापला. सूतखात्यातील कामगारांनी तो मागितला, आणि एवढ्याशा मागणीतून शहरातील हजारो गिरणी कामगारांचा संप उभा राहिला. त्यात कामाचे तास कमी करण्याची मागणी आली, संप मोडला, काही महिन्यांनी पुन्हा झाला, आणि १८९७ मध्ये सरकारला कामाच्या तासांवर कायद्याने साडेअकराची मर्यादा घालावी लागली. कोणत्याही समितीने हा क्रम आधी ठरवलेला नव्हता. पगाराची मागणी राजकीय होते, राजकीय लढा ओसरला की त्याच्या मागे दहा ठिकाणी नव्या युनियन उगवतात, आणि काल ज्याने कधी तोंड उघडले नव्हते तो आज ठराव मांडतो, हे तिने एकेका शहराच्या, एकेका कारखान्याच्या उदाहरणाने दाखवले आहे. संप ही कोणी कपाटातून काढून वापरायची आणि परत ठेवायची वस्तू नव्हे, असे तिचे सांगणे होते. जर्मन युनियनच्या पुढाऱ्यांना हे अजिबात रुचले नाही, कारण त्यांच्याकडे निधी होता, इमारती होत्या, सभासदांची यादी होती, आणि हे सारे धोक्यात घालणारी कोणतीही गोष्ट त्यांना नको होती.

आपल्याकडच्या कोणत्याही गिरणी कामगाराला येथे १९८२ आठवेल. १८ जानेवारीला मुंबईत सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले. पगार आणि बोनस हे मुद्दे होतेच, पण त्यामागे आणखी एक साधी तक्रार होती: कायद्याने मान्यता दिलेली युनियन एकच, आणि आपल्या वतीने कोणी बोलायचे हे निवडण्याची मुभा कामगारांना नाही. डॉ. दत्ता सामंतांनी कामगारांना बाहेर काढले, असे म्हटले जाते. घडले होते ते उलट. कामगारच सामंतांच्या दारात जाऊन बसले होते. त्या संपाची शोकांतिका झाली हे मला माहीत आहे, आणि तिची कारणे सांगणे हा वेगळा मोठा विषय आहे. पण तो संप समजून घेण्यासाठी रोझाची पुस्तिका जेवढी उपयोगी पडते तेवढे दुसरे काहीही मला सापडलेले नाही.

नागपूरकरांना आणखी एक प्रसंग माहीत असायला हवा. १९२९ च्या अखेरीस जवाहरलाल नेहरूंच्या अध्यक्षतेखाली आयटकचे, म्हणजे अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेसचे, अधिवेशन आपल्याच शहरात भरले होते. ब्रिटिश सरकारने नेमलेल्या कामगारविषयक आयोगावर बहिष्कार टाकायचा की नाही, यासारख्या प्रश्नांवरून तेथे संघटना फुटली आणि ना. म. जोशी व त्यांचे सहकारी बाहेर पडले. दोन्ही बाजूंना प्रामाणिक माणसे होती. मतभेद बोलून दाखवण्याची आणि तरीही एकत्र राहण्याची रीत तयार करणे किती अवघड आहे, हे या शहराने तेव्हापासून पाहिलेले आहे.

१९०७ पासून रोझा बर्लिनमध्ये पक्षाच्या शाळेत अर्थशास्त्र शिकवू लागली. तिचे विद्यार्थी होते खाणकामगार, सुतार, छापखान्यातील जुळारी. उत्तर सांगण्याआधी ती त्यांना प्रश्नामागून प्रश्न विचारून अडचणीत आणत असे, आणि मग त्यांनाच बाहेर पडण्याची वाट शोधायला लावत असे. मी शिक्षिका असल्यामुळे असेल, पण मला ही रोझा, व्यासपीठावरील रोझाइतकीच मोठी वाटते. या शिकवण्यातूनच तिचा मुख्य ग्रंथ निघाला, 'भांडवलाचे संचयन', जो १९१३ मध्ये प्रसिद्ध झाला. भांडवलशाही स्वतःच्या पायावर एकटी उभी राहू शकत नाही, तिला आपला माल खपवण्यासाठी आणि कच्चा माल मिळवण्यासाठी सतत भांडवलशाहीबाहेरचा प्रदेश लागतो, तो ती कर्जाने, कराने आणि तोफांनी फोडत जाते, असा त्याचा गाभा आहे. यातील गणिती सिद्धता टिकणारी नाही, असे मला विषयाची अभ्यासक म्हणून सांगावे लागते. भांडवलदार एकमेकांची यंत्रे आणि कच्चा माल विकत घेऊन संचय चालू ठेवू शकतात, ही ओटो बावर आणि बुखारिन या मार्क्सवादी अभ्यासकांची टीका योग्य होती. पण तिने जे पाहिले ते खरे होते. ग्रंथाच्या उत्तरार्धात इंग्रजांनी हिंदुस्थानातील गावांची सामायिक जमीन आणि पाणीव्यवस्था कशी मोडली, फ्रेंचांनी अल्जीरियात काय केले, चीनवर अफू कशी लादली गेली, हे सारे येते. अमेरिकन यादवी युद्धामुळे इजिप्तमध्ये कापसाची लाट कशी आली, त्यामागून कर्ज कसे आले आणि कर्जामागून १८८२ मध्ये इंग्रजी फौज कशी आली, हेही ती सांगते.

हे प्रकरण वाचल्यावर मी वर्गात फळ्यावर आमच्या भागाचा क्रम लिहू लागले. १८५३ मध्ये निजामाकडून वऱ्हाडचा कारभार इंग्रजांकडे आला. १८५४ मध्ये नागपूरचे राज्य खालसा झाले. १८६१ ते १८६५ या काळात तेच अमेरिकन युद्ध चालू होते, लँकेशायरच्या गिरण्यांना अमेरिकेचा कापूस मिळत नव्हता, आणि साऱ्यांचे डोळे वऱ्हाडच्या काळ्या मातीवर लागले होते. १८६७ मध्ये रेल्वे नागपूरला पोहोचली. ज्या मुलांचे आजोबा कापूस पिकवत आणि ज्यांचे वडील कापूस विणत, ती मुले या चार ओळींकडे बराच वेळ पाहत राहतात. गणितात चूक असूनही एखाद्या पुस्तकाला आपल्या दारासमोरचा रस्ता दाखवता येतो, हे मी त्यांच्यामुळे शिकले.

१९१४ साली जे झाले त्याने तिचे आयुष्य मधोमध चिरले. जर्मन समाजवादी पक्ष हा जगातील सर्वांत बलाढ्य कामगार पक्ष होता. १९१२ च्या निवडणुकीत त्याने ११० जागा जिंकल्या होत्या. त्या पक्षाने ४ ऑगस्टला संसदेत युद्धकर्जाच्या बाजूने मत दिले. पक्षशिस्त म्हणून पक्षातल्या विरोधकांनीही त्या दिवशी होकार दिला. डिसेंबरमध्ये पुन्हा मतदान झाले तेव्हा कार्ल लीब्क्नेख्त या एकाच सदस्याने नकार दिला. दहा वर्षांपूर्वी तिने ज्याविषयी सांगितले होते ते असे समोर आले. संघटना होती, शिस्त होती, निधी होता, वर्तमानपत्रे होती, आणि प्रश्न विचारण्याची सवय मात्र मोडलेली होती. फ्रेंच कामगारांवर गोळी झाडू नका, असे भाषण केल्याबद्दल रोझाला आधीच एक वर्षाची शिक्षा झाली होती. ती भोगून सुटल्यावर काही महिन्यांतच तिला पुन्हा कोठडीत टाकण्यात आले आणि युद्ध संपेपर्यंत ती तेथेच होती.

तुरुंगातून तिने लिहिलेल्या पत्रांत पक्षी आहेत, ढग आहेत, वहीत चिकटवलेली पाने आणि फुले आहेत. डिसेंबर १९१७ मधील एका पत्रात ब्रेसलाउच्या तुरुंगाच्या अंगणातील एक दृश्य आहे. युद्धात जिंकून आणलेले रुमानियाचे रेडे (आमच्याकडे हेले म्हणतात तेच) सैनिकांच्या जुन्या कपड्यांनी गच्च भरलेली गाडी ओढून आणतात. त्या कपड्यांवर रक्ताचे डाग असतात आणि ते कैद्यांनी शिवून द्यायचे असतात. गाडी उंबरठ्यावर अडते आणि गाडीवान सैनिक चाबकाच्या दांड्याने रेड्यांना असे झोडपतो की त्यांचे जाड कातडे फाटते. तुम्हाला दया येत नाही का, असे पहारेकरीण विचारते, तेव्हा आम्हा माणसांची तरी कोणाला दया येते, असे तो उत्तर देतो. रक्ताळलेला एक रेडा रडून थकलेल्या मुलासारखा समोर पाहत उभा असतो, आणि रोझा लिहिते की अश्रू माझ्या डोळ्यांतून वाहत होते, पण ते त्याचेच होते. विदर्भात वाढलेल्या माणसाला हे पत्र समजावून सांगावे लागत नाही.

त्याच तुरुंगात १९१८ मध्ये तिने रशियन क्रांतीवर टिपणे लिहिली आणि ते प्रसिद्ध वाक्य त्यांतच समासात आहे. लेनिनच्या पक्षाने, बोल्शेविकांनी, धाडस केले म्हणून ती त्यांना मनापासून दाद देते, आणि त्याच लेखात संविधान सभा बरखास्त करणे, वृत्तपत्रे बंद करणे, सभांवर बंदी घालणे यांवर कठोर टीका करते. तिचे कारण नीतीच्या उपदेशाचे नाही, ते कामकाजाचे आहे. समाजवाद कसा उभारायचा याचे तयार उत्तर कोणाच्याही खिशात नाही, हजार नवे प्रश्न रोज उभे राहणार, आणि ते सोडवण्याचा अनुभव फक्त लोकांच्या सार्वजनिक जीवनातून येतो. ते जीवनच बंद केले तर शेवटी काही डझन पुढारी राज्य करतील आणि कामगारांना टाळ्या वाजवण्यासाठी अधूनमधून बोलावले जाईल. गिरणीच्या गेटवर चार साच्यांच्या कराराला टाळ्या मिळाल्या होत्या, हे मला येथे सांगितल्याशिवाय राहवत नाही. सत्तर वर्षांनी, १७ जानेवारी १९८८ रोजी, पूर्व बर्लिनमध्ये रोझाच्या स्मरणार्थ निघालेल्या सरकारी मिरवणुकीत काही जणांनी तिचेच हे वाक्य फलकावर लिहून आणले, तेव्हा त्यांना अटक करण्यात आली.

एका ठिकाणी मात्र मी तिच्याशी सहमत होऊ शकत नाही. १९१७ मध्ये एका मैत्रिणीला लिहिलेल्या पत्रात ती विचारते की तू ज्यूंच्या खास दुःखांची गोष्ट मजपाशी कशाला काढतेस. दक्षिण अमेरिकेतील रबराच्या मळ्यांतील मजूर आणि आफ्रिकेतील काळे लोक मला तितकेच जवळचे आहेत, माझ्या हृदयात ज्यू वस्तीसाठी वेगळा कोपरा नाही. या वाक्याची विशालता मला जाणवते. पण मी इंदोऱ्यात वाढले आहे. माझ्या आजी-आजोबांनी १४ ऑक्टोबर १९५६ ला दीक्षाभूमीवर धम्म स्वीकारला. मुंबईच्या गिरण्यांत विणाई खात्यात अस्पृश्यांना घेत नसत, कारण तेथे धागा तोंडाने ओढावा लागे आणि सवर्ण कामगारांना विटाळ होई. बाबासाहेबांनी १९२८ च्या संपात हा प्रश्न उभा केला. जातिव्यवस्था ही केवळ श्रमाची नव्हे, श्रमिकांचीही विभागणी आहे, असे त्यांनी पुढे लिहिले. ज्याचे दुःख वेगळ्या जातीचे आहे त्याला ते वेगळे सांगण्याची जागा मिळाली नाही, तर एकजूट ही बलवानांची एकजूट होते. रोझाच्याच तत्त्वाने रोझाला हे सांगता येते, असे मला वाटते. मार्क्सवाद्यांचे ध्येय दुःखमुक्तीचे असले तरी हुकूमशाहीचा मार्ग स्वीकारता येणार नाही, असे बाबासाहेब नोव्हेंबर १९५६ मध्ये काठमांडूच्या भाषणात म्हणाले. त्यांचा आधार बुद्धाचा होता आणि रोझाचा मार्क्सचा, दोघांचे मार्ग निराळे होते, तरी या एका प्रश्नाशी दोघेही किती गांभीर्याने थांबले हे पाहून मला दरवेळी धीर येतो.

नोव्हेंबर १९१८ मध्ये ती सुटली. तिच्या हाती जेमतेम दोन महिने होते. वर्षअखेरीस जर्मन कम्युनिस्ट पक्षाची स्थापना झाली. राष्ट्रीय सभेच्या निवडणुका आपण लढवाव्यात, लोक अजून आपल्या बाजूला आलेले नाहीत, असे तिने त्या परिषदेत सांगितले. तरुण प्रतिनिधींनी तिचे ऐकले नाही आणि ६२ विरुद्ध २३ मतांनी तिचा प्रस्ताव पडला. तिने पक्ष सोडला नाही. जानेवारीत बर्लिनमध्ये उठाव पेटला, तो अवेळी आहे हे दिसत असूनही ती शहर सोडून गेली नाही. १५ तारखेला तिला आणि लीब्क्नेख्तला पकडून सैनिकांनी मारले. तिचे प्रेत कालव्यात टाकण्यात आले आणि ते मे महिन्याच्या अखेरीस सापडले.

परिषदेतले ते मतदान आणि तरीही तिचे पक्षात राहणे मला वडिलांच्या निधनानंतर वेगळे दिसू लागले. ज्या युनियनने त्यांना गेटवर गप्प बसवले ती त्यांनी सोडायला हवी होती, असे मी त्यांना अनेकदा रागाने म्हटले होते, आणि त्यांनी कधी उत्तर दिले नाही. गिरणी बंद झाली, ग्रॅच्युइटीसाठी त्यांनी वर्षानुवर्षे खेपा घातल्या, आणि पुढे ते गेले. त्यांच्या पत्र्याच्या पेटीत, पाळीच्या कार्डाखाली, रबर लावून ठेवलेल्या युनियनच्या वर्गणीच्या पावत्या होत्या. त्या सभेच्या महिन्याची पावती त्यांत आहे, तिच्या पुढच्या महिन्याची आहे, आणि गिरणीच्या शेवटच्या महिन्यापर्यंत एकही महिना चुकलेला नाही.